खालाचं पहिलं उड्डाण

तुम्ही हसणार, हे धरूनच सांगतो. चहा मात्र आधी संपवा, नाहीतर ठसका लागेल.

तळेगावात आमची मोजक्या माणसांची एक छोटी कंपनी आहे. मंगळावर उडू शकेल असं विमान आम्ही बनवतो. तिथली हवा अगदी विरळ, म्हणून पंख लांबलचक आणि वजन कोंबडीएवढं. आता हे परंदवडीच्या माझ्या खालाला, म्हणजे आईच्या थोरल्या बहिणीला, कसं समजवायचं? ईदच्या जेवणावर तिनं विचारलं, "इरफान, मला बसवशील का रं तुझ्या इमानात?"

माझ्या तोंडात शीरखुर्मा. म्हणालो, "पहिल्या उड्डाणाला तूच, खाला."

सगळे हसले. मला वाटलं, तीही हसली.

पुढं एकदा तिचा फोन. "कवा उडतंय?"

"रविवारी सकाळी. कार्ल्याला, डोंगराखालच्या माळावर."

"सामान किती चालंल?"

मला वाटलं, आमच्यासाठी डबा आणतेय. "आण हवं तेवढं."

कसलं सामान, एवढं तरी माणसानं विचारावं की नाही? मी नाही विचारलं.

रविवारी माळावर टेम्पो येऊन थांबला. खाला उतरली. नवी साडी, हातात कुलूप लावलेली बॅग, आणि हजला निघालेल्या माणसाला घालतात तसा गळ्यात हार. मागून अर्धी आळी, तिला निरोप द्यायला. शेजारच्या शांतामावशी तर डोळे पुसत होत्या.

मी विमान दाखवलं. खालानं त्याच्याभोवती एक चक्कर मारली.

"बाकीचं कुटं हाय?"

"बाकीचं म्हणजे?"

"बसायचं."

तेव्हा कुठं माझ्या डोक्यात उजेड पडला. अशा वेळी शहाणा माणूस काय करतो? खरं सांगून मोकळा होतो. मी म्हणालो, "खाला, आज वारा बरोबर नाही गं."

तेवढ्यात रिमोट धरलेला आमचा निखिल तिकडून म्हणाला, "वारा एकदम मस्त आहे. सोडतो." आणि सोडलंच.

विमान उठलं. सुरेख उठलं. मग वाऱ्याचा एक झोत आला, उजवा पंख वर गेला आणि आमचा मंगळ भाताच्या खाचरात नाक खुपसून बसला.

खाला शांतपणे म्हणाली, "बरं झालं, मी आत न्हवते."

मी तिला बाजूला नेऊन सगळं सांगितलं. मंगळ, वजन, माझी थट्टा, सगळं. तिनं ऐकता ऐकता हार काढला आणि बॅगेत ठेवला.

"बगितल्या बगितल्या वाटलंच मला, लय बारीक हाय."

"मग बोलली का नाहीस?"

"तू म्हनला हुतास ना."

मी तिची बॅग उचलली आणि टेम्पोकडे निघालो.

ती टेम्पोत चढताना आळीतल्यांनी विचारलं, "का गं, जात न्हाईस?" तर म्हणते, "मीच नको म्हनले. पोराचं काम अजून कच्चं हाय."

माझी लाज राखली तिनं. आणि माझं नावही झालं. आता परंदवडीत कुणाचा टेबलफॅन बिघडला, तरी लोक बजावतात, "इरफानला दाखवू नका."