सुळेवाल्याने पडद्यावर लावलेली मावशी

सुळेवाला जेवताना रक्तावर बोलायचा. इथे परदेशात, वुडलँड्सच्या आमच्या फ्लॅटमध्ये तो भाडेकरू होता. लॅपटॉपवर सुळेवाल्या तोंडाचं चित्र, म्हणून मी त्याला हे नाव ठेवलं. विद्यापीठात त्याचं संशोधन चालायचं. विषय काय, तर नागड्या सिनेमांतली रक्तपिशाच्चं.

"आजी, तो चावा म्हणजे वासनाच असते. बाई आपणहून मान पुढे करते."

"तिला मान पुढे कर म्हणून कोण सांगतं? सिनेमा काढणारा बाप्याच ना?"

तो हसायचा आणि आणखी भात घ्यायचा. घाणेरडी चित्रं उघडी टाकायचा. सुनेने हटकलं की म्हणायचा, "हा अभ्यास आहे."

ऐकून मात्र घ्यायचा. मुलगा-सून दिवसभर ऑफिसात, नातू इथल्या बोलीत "कॅन लाह", म्हणजे हो-हो, म्हणून पळतो. हा समोर बसून गावच्या हडळींच्या गोष्टी विचारायचा. मलाही बरं वाटायचं. त्यातच मावशीचं सांगितलं. नवऱ्याचा क्षय लपवून तिचं लग्न लावलं. महिन्याच्या आत तो रक्त ओकून मेला. नवरीने रक्त प्यायलं, असं गाव म्हणालं. तिला हडळ म्हणू लागले. मी तिचा फोटो दाखवला. त्याने तो मोबाइलवर घेतला.

पुढे त्याचं भाषण होतं. "आजी, तुम्ही हव्यातच," म्हणाला. सुनेला घेऊन गेले. पडद्यावर एक नागडी नटी, सुळे बाहेर, तोंडाला रक्त. तिच्या शेजारी नऊवारीतली माझी मावशी.

मी उभी राहिले. "तो फोटो काढ."

तो हसून इंग्रजीत काही बोलला. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

"काय म्हणाला गं?"

"आई, तुम्हाला मावशींचा अभिमान वाटतोय, असं सांगितलं."

"मग खरं काय ते तू सांग."

सून चारचौघांत बोलायला बिचकते. पण उठली आणि बोलली.

"आजी, हा अभ्यास आहे हो."

"मग तुझ्या आईचा लाव."

त्याने फोटो पडद्यावरून काढला. मुलाने त्याला खोली सोडायला लावली. जाताना पाया पडायला वाकला. मी पाय मागे घेतले.

परवा सेंगकांगच्या नव्या खोलीतून त्याचा फोन आला. लेख छापायचा होता, मावशीचं आणखी काही हवं होतं.

"माझी आई बाळंतपणात गेली," मी म्हणाले. "त्या हडळीने मला वाढवलं. दुसऱ्यांची धुणी धुऊन चौथीपर्यंत शिकवलं. ते छाप."



"आजी, ते विषयात बसत नाही."