चालता चालता दिलेलं उत्तर

डोंगर चढणं हे माझं काम नाही. शनिवारी पहाटे उठून, पाठीला पिशव्या लावून, हातात काठ्या घेऊन निघणाऱ्या लोकांकडे मी आजवर ‘यांना घरी कामं नसतात का’ अशाच नजरेने पाहिलं. चालते मी, पण ते उरकायचं म्हणून. अमेरिकेत कॅरी गावातल्या आमच्या वस्तीत उताराखाली एक तळं आहे. त्याला दोन फेऱ्या आणि चढ चढून घरी, पस्तीस मिनिटं. मध्ये कुणी गप्पा मारायला थांबवलं की माझा जीव वर-खाली होतो.

लेक ॲरिझोनात शाळेत सायन्स शिकवते. तिने जुलैत फोन केला.

“आई, तुझ्या बर्थडेला मी एक हाइक बुक केलीय. विथ अ गाइड. वन डे. इट्स अ व्होल्कॅनो.”

“जिवंत?”

“नो, स्लीपिंग. तो झोपलाय. तू झोपत नाहीस. सो तू येतेयस.”

खरं होतं. बाबा जाऊन तेव्हा पाच महिने झाले होते आणि मला झोप नव्हती. बाबा गेले नागपूरला, फुप्फुसाच्या आजाराने. सगळं आटोपल्यावर भावाने सांगितलं की हे तीन वर्षांपासून चाललं होतं. फुप्फुसं कडक होत चालली होती, औषध फारसं नव्हतं. “तुला सांगू नको म्हणत होते,” तो म्हणाला. आणि त्या तीन वर्षांतले सहा महिने बाबा माझ्या घरी राहून गेले होते! एप्रिल ते ऑक्टोबर, माझ्या डोळ्यांसमोर. मी औषधाच्या कंपनीत आहे. गोळी घेतल्यावर कुणाला काय झालं, त्याच्या नोंदी वाचायची माझी नोकरी. परक्या माणसाचा खोकला मला कागदावरून कळतो, आणि घरातल्या माणसाचं मला काही दिसलं नाही. दिसलं नाही ते नाही, पण त्यांना सांगावंसंही वाटलं नाही, हे मला सहन होत नव्हतं. पोटच्या मुलीवर एवढाही भरवसा नव्हता का? हा एकच प्रश्न घेऊन मी छताकडे बघत पडून राहायची.

बाबा पोस्टमन होते. नागपूरच्या उन्हात तीस-बत्तीस वर्षं त्यांनी पत्रांची थैली लावून सायकल मारली. हा माणूस दमेल हे माझ्या डोक्यातच कधी आलं नाही. कॅरीला आल्यावर मी त्यांना रोज सकाळी माझ्याबरोबर फिरायला न्यायचे. जाताना उतार, तेव्हा गडी खुशीत. वस्तीतल्या सगळ्यांच्या टपालाच्या पेट्या एकाच ठिकाणी, एकाला एक लागून आहेत, त्यावर त्यांची टिंगल चालायची. “आमच्या वेळी असं असतं तर मी दोन तासांत घरी.” मग तळं, आणि मग परतीचा चढ. चढाच्या मध्यावर कोपऱ्यात एक मोठं झाड आहे. पहिल्या दिवशी बाबा तिथे थांबले, कमरेवर हात ठेवून वर बघितलं आणि विचारलं, “या झाडाला काय म्हणतात, बेटा?”

“स्वीटगम.”

दुसऱ्या दिवशी त्याच जागी तोच प्रश्न. तिसऱ्या दिवशी तोच. मी “स्वीटगम, बाबा” म्हणायची आणि पुढे चालायला लागायची. कधी मागून आवाज यायचा, “काहून धावतेस एवढी?” आठवडाभर हेच. तीस-बत्तीस वर्षं गल्लीबोळांतले पत्ते तोंडपाठ असलेल्या माणसाला एका झाडाचं नाव राहत नाही! भावाला फोन करून सांगितलं, बाबांना विसरायला होतंय. आमच्या ओळखीच्या एक मराठी डॉक्टर काकू आहेत, त्यांना घरी बोलावलं. त्यांनी बाबांना कागदावर घड्याळाचं चित्र काढायला लावलं, शंभरातून सात-सात वजा करायला लावले, आणि पाच शब्द लक्षात ठेवायला सांगितले. आंबा, सायकल, दिवा, नदी, टोपी. बाबांनी सगळं बिनचूक केलं. पुढे आठवडाभर चहा मागताना ते माझ्याकडे बघत पाचही शब्द म्हणून दाखवायचे आणि मिशीत हसायचे.

आणि सकाळी चढावर पुन्हा, “या झाडाला काय म्हणतात?”

मला वाटलं, चेष्टा करतायत. मी चिडायला लागले. तरी उत्तर द्यायचे. चालता चालता.

त्या उन्हाळ्यात लेक दोन आठवडे घरी होती, तेव्हा ती आजोबांना घेऊन जायची. माझ्या पस्तीस मिनिटांच्या रस्त्याला त्या दोघांना सव्वा तास लागायचा. एकदा मी गाडीतून जाताना बघितलं तर दोघं फुटपाथच्या कडेला त्या झाडाखाली बसलेले, आणि ही फोनमध्ये बघून झाडाची कुंडली वाचतेय. संध्याकाळी मी दोघांनाही सुनावलं. चालायला जाता की बसायला?

तर तो डोंगर. बारा हजार फुटांच्या वर. कॅरीसारख्या सखल भागातून आलेली बाई, म्हणून लेकीने मला तीन दिवस आधी बोलावून नुसतं पाणी पाजलं. गाइड साठीच्या घरातली बाई होती, काटक, पाठीवर पांढरी वेणी. तिने निघताना एकच नियम सांगितला. दुपारी विजा होतात, तेव्हा ढग जमायला लागले की कुठेही असलो तरी मागे फिरायचं. आम्ही तिघीच होतो.

पहिला अर्धा तास मी माझ्या कॅरीच्या वेगाने मारला. गाइड मागून दोनदा “सावकाश” म्हणाली. मी मनात म्हटलं, तू बघच. तिसऱ्यांदा तिला म्हणावं लागलं नाही. हवा आत जात होती पण पोचत नव्हती. दहा पावलं टाकली की छातीत कुणीतरी मूठ आवळायचं. कानात ठोके. पायांना काही झालं नव्हतं, ते चालायला तयार होते, हे सगळ्यात चमत्कारिक. लेक पुढे होती, वळून बघत होती, आणि तिच्यासमोर ‘मी दमले’ हे शब्द काही केल्या माझ्या तोंडातून निघेनात. पैज नव्हती, शर्यत नव्हती. पण आपल्या लेकीने आपल्याकडे काळजीने बघू नये, एवढंच वाटत होतं.

मी कमरेवर हात ठेवले आणि वर बघितलं. पांढऱ्या खोडाची उंच झाडं होती.

“याला काय म्हणतात?” मी गाइडला विचारलं.

ती थांबली. काठ्या खडकाला टेकवल्या, पाण्याची बाटली काढली. ॲस्पेन, ती म्हणाली. मग सावकाश सांगत राहिली. पानाचा देठ चपटा असतो, म्हणून जराशा वाऱ्यानेही पान हलतं. वर वेगवेगळी दिसणारी झाडं कित्येकदा खाली एकाच मुळाची असतात. पानं खरंच नागपूरच्या आमच्या बुद्धविहारासमोरच्या पिंपळासारखी थरथरत होती. तिचं सांगून होईपर्यंत माझा श्वास जागेवर आला.

पुढे मी बुचासारख्या मऊ सालीच्या एका सूचिपर्णी झाडाचं नाव विचारलं. तिने मला त्या सालीत अंगठा दाबून बघायला लावला. मग एका काळ्या दगडाबद्दल विचारलं. मग विचारायला काही उरलं नाही आणि श्वासही उरला नाही, तेव्हा समोर जे दिसलं त्याकडे बोट केलं.

“याला काय म्हणतात?”

“आई, शी जस्ट टोल्ड यू. ॲस्पेन,” लेक म्हणाली.

गाइडने तिला हाताने थांबवलं. पुन्हा काठ्या टेकवल्या आणि जणू पहिल्यांदाच कुणी विचारतंय अशी सगळी माहिती पहिल्यापासून सांगितली. देठ, वारा, मूळ. लेक थोडी पुढे गेल्यावर ती हसून मला हळूच म्हणाली, “चढताना लोक मला झाडांची नावं फार विचारतात. उतरताना कुणी विचारत नाही.”

ती सहज बोलली होती. बोलून पुढे निघालीही. मी मात्र तिथेच उभी राहिले.

उतरताना कुणी विचारत नाही. तळ्याकडे उतरताना आम्ही रोज त्याच झाडाखालून जायचो. बाबांनी एकदाही नाव विचारलं नव्हतं. एकदाही नाही. विचारायचे ते फक्त येताना, चढावर, मध्यावर, कमरेवर हात ठेवून. ते विसरत नव्हते. चेष्टाही करत नव्हते. ते मला थांब म्हणत होते. ‘मला का सांगितलं नाही’ म्हणून मी पाच महिने छताशी भांडत होते, आणि बाबा सहा महिने रोज सकाळी सांगत होते. मी त्यांच्या डोक्याची तपासणी करवली.

मी खडकावर बसले आणि रडले. अगदी मोठ्याने, नाक-डोळे एक होईपर्यंत. लेक धावत खाली आली. “आई, काय होतंय? इज इट द ॲल्टिट्यूड?” मी नाही म्हणून मान हलवली. गाइडने वर बघितलं. शिखराच्या बाजूला ढग दाटायला लागले होते. ती म्हणाली, दहा मिनिटं बसा, मग मागे फिरू.

मी लेकीला सांगितलं, झाडाचं. ती माझ्या शेजारी खडकावर बसली. मग म्हणाली, “मला पण माहीत नव्हतं. आय जस्ट थॉट त्यांना झाडं आवडतात.”

माहीत नव्हतं, तरी ती त्यांच्याबरोबर बसली होती. मला तेवढंही जमलं नाही.

आणि मग शेवटचा फोन आठवला. तो मी कुणालाच सांगितला नव्हता. दवाखान्यातून भावाने व्हिडिओ लावला होता. बाबांच्या नाकाला नळी होती. मी तिकीट, विमान, तीन दिवसांत पोचते, असं भडाभडा बोलत होते. मध्येच ते म्हणाले, “बेटा... तुझ्या त्या कोपऱ्यावरच्या... झाडाला काय म्हणतात?” मी म्हणाले, “स्वीटगम, बाबा.” आणि भावाला म्हणाले, बघ, मी म्हणत होते ना, विसरतात ते. बाबांनी डोळे मिटले. मी विमानात असताना ते गेले.

त्यांना नाव नको होतं. मी बोलत राहावं आणि त्यांना बोलावं लागू नये, एवढंच हवं होतं. मी एका शब्दात मोकळी झाले.

दहा मिनिटांतली निम्मी उरली होती. मी उभी राहिले आणि बोलायला लागले, समोरच्या उतरणीकडे बघून, मराठीत. बाबा, त्याला स्वीटगम म्हणतात. पान पाच टोकांचं असतं, चुरडलं की वास येतो. खाली काटेरी गोळे पडतात, चपलेतून टोचतात, तुम्ही एक खिशात घालून नागपूरला नेलात. तुम्ही ऑक्टोबरात गेलात आणि त्यानंतर ते रंगलं. एकाच झाडावर पिवळी, लाल, जांभळी पानं. मी तुम्हाला फोटो पाठवणार होते. मग सगळी पानं एकाच आठवड्यात गळली... मला आणखी काही माहीत नव्हतं. मी तरी बोलत राहिले. लेकीने मला थांबवलं नाही, गाइडनेही घड्याळ बघितलं नाही.

ढग गडगडले तेव्हा आम्ही मागे वळलो. उतारावर मला अजिबात दम लागला नाही. वाटेला तीच झाडं होती. मी कुणाला काही विचारलं नाही.