हेल्गाच्या आजोबांना घातलेला हार

“हा माणूस माझा आजोबा नाही!” हेल्गा भर हॉलमध्ये ओरडली.

“नाही कसा? फोटो तूच दिलास ना!” मी तिच्या दुप्पट ओरडले. भांडण मोडक्या इंग्रजीत होतं, पण सत्तरीतही माझा आवाज माइकला जुमानत नाही.

हसू नका, आधी नीट ऐका. हेल्गा म्हणजे इथे आखातात, अल रीम आयलंडवरची माझी जर्मन शेजारीण, माझ्यासारखीच मुलाकडे येऊन अडकलेली. तिचे आजोबा, ओटो, बर्लिनमध्ये मूकपटांचे सेट रंगवायचे. दिव्यांनी हवी तशी सावली पडेना, की हा गडी भिंतीवर ब्रशने सावली काढून मोकळा! जन्मभर हेच केलं, पण पडद्यावर नाव? एकदाही नाही! “चारचौघांत कुणीतरी एकदा त्यांचं नाव घ्यावं,” म्हणून तिने घरातला एकुलता एक फोटो मला दिला.

मी चौथी पास. पण मूकपटांवर स्वतःच इतकं वाचलंय, की प्रोफेसरांनी पाणी भरावं! इथल्या मराठी मंडळात भाषण ठरवलं: ‘पडद्यामागचे हात’. आता आपल्याकडे भाषण म्हणजे आधी प्रतिमापूजन. दाराएवढा फ्लेक्स छापून घेतला, हार घातला, गंध लावलं, मंडळाच्या अध्यक्षांना वाकायला लावलं. आणि हेल्गा आली ती नेमकी तेव्हा!

“मग हा हॅटवाला कोण?”

“स्टुडिओचा मालक! यानेच आजोबांचं नाव कधी येऊ दिलं नाही. आणि तू यालाच हार घालतेस?”

“अगं, कडक कोट, ऐटीत खुर्ची! मला वाटलं, मोठा माणूस तो हाच!”

“आजी, प्लीज स्टॉप,” माझी नात सई कुजबुजली. “एव्हरीवन इज रेकॉर्डिंग.”

“करू देत! हिचे आजोबा आहेत तरी कुठे, तेही येऊ दे रेकॉर्डिंगमध्ये!”

फ्लेक्स छापून झाल्यावर मी परत केलेला मूळ फोटो हेल्गाने पर्समधून काढला आणि बोट ठेवलं. मालकाच्या बाजूला, अगदी कडेला, हातात रंगाची बादली घेतलेला एक हडकुळा माणूस हसत उभा होता.

मी फ्लेक्सकडे पाहिलं. ना बादली, ना माणूस. छापणाऱ्याला मीच दरडावलं होतं, “तो कळकट गडी फोटोची शोभा घालवतोय, काढून टाक!”

हेल्गाचे डोळे भरले. आयुष्यात मी कुणाची माफी मागितलेली नाही, विचारा आमच्या घरात! पण माइक ओढला आणि म्हणाले, “हेल्गा, मालकाने ओटोआजोबांचं नुसतं नाव गाळलं होतं गं, मी तर अख्खे ओटोआजोबाच कापून टाकले!”