स्कूटरवर पुढे कोण उभं होतं?

मी फारशी बोलत नाही. ऑफिसात नवी टीम झाली की सगळ्यांना गोल बसवून लहानपणीची एक आठवण सांगायला लावतात. माझी ठरलेली आहे. रविवारी सकाळी मी बाबांच्या स्कूटरवर पुढे उभी राहून मंडईहून घरी येतेय, पिशवीतली मेथी पोटऱ्यांना गुदगुल्या करतेय आणि बाबा मागून म्हणतायत, "डोकं खाली घे, सिग्नल दिसत नाहीये." लोक हसतात आणि मी सुटते.

मागच्या महिन्यात ती स्कूटर विकायची ठरली. गिऱ्हाईक यायचं होतं म्हणून बाबा पार्किंगमध्ये ती पुसत होते. अमेरिकेहून दादाचा फोन आला. तो स्पीकरवर टाकून मी सीटवर ठेवला आणि सहज मेथीचा विषय काढला.

"ए, तो मी होतो," दादा म्हणाला. "तू मागे, आईच्या मांडीवर."

"मला गुदगुल्या आठवतायत, दादा."

"मी सांगितल्यात म्हणून. शंभरदा."

इंटरनेटवरच्या फोनवर आवाज जरा उशिरा पोचतो, त्यामुळे आमचं भांडणही थांबत थांबत चालतं. फक्त बाबांची आणि माझी अशी ही एकच आठवण माझ्याकडे होती. तीही ऐकीव निघाली तर?

मी वर बघून गॅलरीतल्या आईला विचारलं. "मला यात ओढू नका," ती म्हणाली. "रविवारी मी घरी कणीक मळत असायचे." म्हणजे दादाच्या गोष्टीतली मांडीही गेली.

राहिले बाबा. त्यांनी फडकं पिळलं. "मला फक्त डोक्याची मागची बाजू दिसायची. आणि तुम्हा दोघांना मी एकाच न्हाव्याकडे न्यायचो. कटही एकच."

"अहो बाबा, पण निकाल द्या ना," फोन म्हणाला.

"देतो. पुढे कुणी का असेना, स्कूटर मी चालवत होतो. आठवण माझी."

मग ते उगीचच हँडल पुन्हा पुसायला लागले. "एकदा सिग्नलला थांबलो, तर पुढचं पोर उभ्या उभ्या झोपलेलं. दोन्ही गुडघ्यांत धरून घरापर्यंत आणलं. मागचे लोक हॉर्न मारून दमले."

हे आम्ही दोघांनीही कधी ऐकलं नव्हतं. मला तर त्यातलं काहीच आठवत नव्हतं. पण दादाचा आवाज पोचायच्या आत मी म्हणाले, "ती मी."