गाठींची साथ आणि शहाणी माणसं

लीद आणि किस्से, तबेल्यात दोन्ही कमी पडत नाहीत. सकाळी उचललं की संध्याकाळी पुन्हा ढीग. मी चौथी पास बाई, वीस वर्षं नागपूरबाहेर लोकांची घोडी सांभाळते. औंदा घशाच्या गाठींची साथ आली. गळ्याखाली गाठ फुगते, फुटते, नाकातून पू वाहतो. भारी लागट रोग, एकाचा दुसऱ्याला होतो. अठरातली चार आजारी पडली. बाकीची वाचवायची, अन् पडलेली जगवायची, एवढंच काम. त्यातच कंबर मोडली.

डॉक्टर म्हणाले, प्रत्येकाची बादली वेगळी ठेवा. मॅनेजरनं दोन दिवस खपून बादल्यांवर रंगानं नंबर टाकले. मग अठराही बादल्या एकाच हौदात बुडवून भरल्या! मी झापलं, तर म्हणतो, "बाई, पण नंबर किती सुबक आले ते पाहा ना."

गेटवर फिनाईलच्या पाण्याचं घमेलं ठेवलं, बूट बुडवून आत या म्हणून. लकडगंजच्या एका शेठनं नवे बूट खराब होतील म्हणून उडीच मारली. मी परत पाठवलं. मग बूट काढून हातात घेतले, अनवाणी पाय बुडवले, अन् आत येऊन बूट पुन्हा पायात.

त्यांच्या मिसेसना वाटलं, नजर लागली. मीठ-मिरची फडक्यात बांधून आजारी घोड्यांच्या तोंडावरून उतरवली. मग चांगल्या घोड्यांनाही नको लागायला, म्हणून तेच फडकं त्यांच्या तोंडावरून. आठवड्यात आणखी दोघांना गाठी. मॅडम म्हणाल्या, "पाहिलं? किती कडक नजर होती!"

म्हातारी राणी घोडी मात्र जाते असंच वाटलं. गाठ फुटली, ताप उतरला, पण पाण्याला तोंड लावेना. डॉक्टर म्हणाले, आज प्यायली नाही तर आशा सोडा. तिचे मालक दामूभाऊ कुही गावचे, वरातीत घोडी नाचवतात. घरी दुसरी घोडी आहे, रोग तिच्याकडे जाईल, म्हणून मी त्यांना गेटच्या आत घेतलं नाही. माणूस बाहेर उभा राहून रडत होता. शेवटी त्यांना फोन लावला, अन् माझा फोन प्लास्टिकच्या पिशवीत घालून राणीच्या कानाशी धरला. वाटलं, लाडानं बोलतील.

"ए भवाने, काहून नखरे करून राहिली वं? पी गप, नाहीतं येतो तिथं!"

राणीनं कान टवकारले अन् अर्धी बादली संपवली. दुपारी दामूभाऊंचा फोन लागेना, तर शिव्या मीच दिल्या. प्यायली.

संध्याकाळी डॉक्टर कागद घेऊन बसले, राणीला कोणतं औषध चालू आहे विचारलं. मी खरं ते सांगितलं. त्यांनी चष्मा पुसला, लिहून घेतलं, अन् मान वर न करता विचारलं, "पाण्याआधी देता की नंतर?"