काकांचं नाटक, चित्रासकट

आमच्या सोसायटीत तळमजल्यावर राहणारे काका केंद्र सरकारच्या नोकरीतून निवृत्त झाले होते आणि माझी मराठी सुधारण्याच्या कामावर कायमचे रुजू झाले होते. मी दिल्लीत वाढलेली. बोलता बोलता तोंडातून ‘बिल्कुल’ निघालं की ते चारचौघांत हात वर करून मला थांबवायचे, माझी नक्कल करायचे, आणि माणसं हसली की मगच मला पुढे बोलू द्यायचे. मी दहा वर्षांची असल्यापासून हे चाललं होतं आणि तिशीत आले तरी चालूच होतं. मला तो माणूस अजिबात आवडत नसे.

त्यांची एक मिरवायची गोष्ट होती. फार वर्षांपूर्वी दिल्लीतल्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात त्यांनी एका नाटकात बापाचं काम केलं होतं आणि त्याच्या व्हिडिओची फाइल त्यांच्या जुन्या डेस्कटॉपवर होती. ती लावली की नुसता आवाज यायचा, पडदा काळाच राहायचा. मुलीची पाठवणी करणाऱ्या बापाचं लांबलचक भाषण, मग मध्येच चांगलं अर्धं मिनिट शांतता, आणि मग टाळ्या. शांतता सुरू झाली की काका बोट वर करायचे. “ऐका. सन्नाटा! पुढची वाक्यं मी मुद्दाम गिळली. अख्खा हॉल रडत होता.” काकू तेव्हा आजारी आईजवळ साताऱ्याला होत्या, त्यांनी प्रयोग पाहिलाच नव्हता. ती शांतता मात्र त्या दरवर्षी ऐकायच्या आणि दरवर्षी पदराने डोळे टिपायच्या. हॉलमध्ये असलेले लोक बहुतेक निवृत्त होऊन पुण्याला परत गेले होते.

“चित्र का नाही येत गं?” काकूंनी एकदा मला विचारलं.

नोएडाच्या ऑफिसात मी दिवसभर व्हिडिओच कापते आणि जोडते. मी सांगितलं, व्हिडिओ दाबून लहान केलेला असतो, तो उलगडायला कोडेक नावाचा छोटा प्रोग्रॅम लागतो. आवाजाचा वेगळा, चित्राचा वेगळा. काकांच्या कंप्युटरवर चित्राचा नव्हता, एवढंच.

“राहू दे,” काका लगेच म्हणाले. “आवाज आहे ना. उगाच कंप्युटर बिघडायचा.”

“अहो, मला एकदा बघायचंय,” काकू म्हणाल्या.

मी फाइल पेनड्राइव्हवर घेतली आणि ऑफिसात लावली. तिथे चित्र आलं. ते अर्धं मिनिट मी तीनदा बघितलं. मग काकूंना फोन केला, की संक्रांतीनंतरच्या रविवारी करून देते, सगळे तिळगुळाला येतात तेव्हा.

त्या रविवारी त्यांच्या हॉलमध्ये मंडळातली दहा-बारा माणसं होती, बरीचशी नवी. मी आधी चुकीची आवृत्ती डाउनलोड केली, त्या म्हाताऱ्या मशीनला ती चालेना. दुसरी टाकली, कंप्युटर बंद करून चालू केला, प्लेअरच्या सेटिंगमध्ये जाऊन नवा कोडेक निवडला. काका माझ्या खुर्चीमागे उभे होते. “होत नसेल तर सोड,” असं ते चार वेळा म्हणाले.

“होतंय काका, बिल्कुल होतंय,” मी म्हणाले. त्यांनी मला सुधारलं नाही.

चित्र आलं. काकूंनी खुर्ची पुढे ओढली, चष्मा चढवला. पडद्यावर धोतर नेसलेले सडपातळ काका बोलत होते, बरं बोलत होते. मग गप्प झाले. तोंड उघडंच. त्यांनी विंगेकडे बघितलं, मग डाव्या हाताची मूठ उघडून तळव्यात बघितलं. तळव्यावर शाईने वाक्यं लिहिलेली होती, घामाने फिसकटलेली. त्यांनी हात धोतराला पुसला, आणि जे काही उरलं होतं तेही पुसून गेल्यावर पुन्हा तळव्यात बघितलं. पहिल्या रांगेतल्या दोन बायका तोंडाला पदर लावून हसत होत्या. शेवटी विंगेतून एक हात आला, त्याने काकांना दंडाला धरून आत ओढलं, आणि पडदा पडला. टाळ्या.

“अरे यार, हातावर कॉपी!” कोणीतरी म्हणालं आणि सगळे हसत सुटले. काकाही हसले, सगळ्यांपेक्षा मोठ्याने. काकूंनी चष्मा काढून त्याच्या डबीत ठेवला. “असं होतं होय,” एवढंच म्हणाल्या आणि कप गोळा करायला लागल्या.

माणसं गेली. काकू आत भांडी घासत होत्या, नळ मोठा सोडून. मी पर्स उचलली तेव्हा काका माझ्याजवळ आले आणि अगदी हळू आवाजात म्हणाले, “अगं, ते काढता येतं का? म्हणजे पहिल्यासारखं, नुसतं ऐकू येईल असं?”

“नाही काका,” मी म्हणाले. “एकदा टाकलं की ते राहतंच.”

काढायला एक मिनिटसुद्धा लागलं नसतं. मी जिना चढून घरी आले, आणि खोटं कशाला सांगू, त्या दिवशी मी फार खूश होते.