मुकुंदरावांनी डबा साफ केला

चाकणच्या कारखान्यात मुकुंदरावांच्या टेबलावर बसायला धूळसुद्धा घाबरते, असं लोक म्हणायचे. चोवीस वर्षं क्वालिटीत काढलेला माणूस. कामाच्या जागी नको असलेली वस्तू दिसली की तिला लाल टॅग लावायचा आणि बाहेर काढायची, ही कंपनीची शिस्त त्यांनी घरीही आणली. चमचे मापानुसार, चपला रेषेत. बायकोनं, चारुलताबाईंनी, सोळा वर्षं सोसलं आणि दोन वर्षांपूर्वी लेकीला घेऊन वाकडला वेगळं बिऱ्हाड केलं. भांडण असं झालंच नाही. झालं असतं तर बरं झालं असतं.

तेव्हापासून अनुया फक्त रविवारी ताथवड्याला बापाकडे यायची. चौदा वर्षांची पोर, सोफ्याच्या कडेला बसून मोबाइल बघायची आणि सहा वाजले की चप्पल घालायची. एका रविवारी मात्र ती मोठा पारदर्शक डबा घेऊन आली. आईला किडे चालत नाहीत, इथे ठेवू का, म्हणाली. किडे म्हणजे आयसोपॉड. ओली कुंडी उचलली की खाली सापडतात ना, राखाडी, बोट लागलं की गोळी होऊन बसणारे, तेच. मुकुंदरावांना शिसारी आली, पण नाही म्हणायची त्यांची टाप नव्हती.

बापलेक मातीत हात घालून बसले. खाली माती, वर आंब्याची कुजकी पानं, झाडाची मऊ पडलेली साल, एका बाजूला ओलं शेवाळ, दुसरी बाजू कोरडी, कॅल्शियमसाठी अंड्याची टरफलं. झाकणाला भोकं मुकुंदरावांनी पाडली, सगळी एका मापाची. अनुया हसली. त्या एका हसण्यावर त्यांनी आख्खा आठवडा काढला. पुढे ती दारातून थेट डब्याकडे धावायची, पिल्लं दिसली की बाबांना हाक मारायची. सहाचे साडेसात होऊ लागले.

दोन महिन्यांनी एका शनिवारी पानांवर पांढरी बुरशी दिसली. अनुयानं बजावलं होतं, काही झालं तरी हात लावू नकोस. पण उद्या पोर येणार आणि डबा असा? मुकुंदरावांच्या अंगात क्वालिटी संचारली. पानं, साल कचऱ्यात गेली. माती गॅलरीत उन्हात खडखडीत वाळली. डबा फरशीच्या लिक्विडनं दोनदा धुतला. किडे वाटीत काढले होते, ते परत सोडले आणि वर हिरवी पानं पुसून ठेवली. केवढ्या प्रेमानं केलं हो हे सगळं त्यांनी.

रविवारी झाकण उघडलं, तर एकही किडा हलत नव्हता.

"बाबा, ती घाण नव्हती. ते त्यांचं जेवण होतं," अनुया म्हणाली. रडली नाही, ओरडली नाही. आईसारखी गप्प झाली.

"आपण नवीन आणू."

"नको."

वाकडला सोडायला जाताना सिग्नलला ती म्हणाली, "पुढच्या रविवारी न्यायला येऊ नकोस."

"का गं?"

"आता काय बघायला यायचं?"

'मला', एवढाच शब्द त्यांच्या ओठांवर आला होता. सिग्नल सुटला, मागचे हॉर्न वाजवू लागले.

"बरं," मुकुंदराव म्हणाले. "तुझा सीटबेल्ट पिळलाय. सरळ कर."